राजा घाटावरचा फलक

काशीहून परतलेल्या माणसाला आमच्या वाईत पहिला प्रश्न गंगाजलाचा विचारतात. मीही गडू आणले होते. शेजारीपाजारी वाटले, बदल्यात नमस्कार घेतले. दुसरा प्रश्न दर्शनाचा. दर्शन झालं म्हणालो. तिसरा प्रश्न कुणीच विचारला नाही, तो मीच विचारून घेतो : गुडघे असे झालेले असताना, ऐन थंडीत, एकट्यानं तिकडे जाण्यासारखं काय अडलं होतं?

अडलं होतं एका पत्र्याच्या फलकामुळे. तो काशीला राजा घाटावर आहे आणि त्यावरचा मजकूर माझा आहे.

मी कॉलेजात अर्थशास्त्र शिकवत असे. नोकरीच्या शेवटच्या वर्षांत नदीतल्या जिवांसाठी काम करणाऱ्या एका संस्थेनं मला सल्लागार म्हणून बोलावलं. प्राणी वाचवायचे तर वाचवणाऱ्याच्या हातात पैसा पडला पाहिजे, नुसत्या उपदेशानं काही होत नाही, हे माझं मत तेव्हा ठाम होतं. गंगेतल्या कासवांसाठी मी एक योजना आखली. मल्लाहाच्या, म्हणजे तिथल्या नावाडी-कोळ्याच्या, जाळ्यात कासव सापडलं आणि त्यानं ते सोडून दिलं, तर त्याला मोबदला. दोन-तीन वर्षं ती चालली, गाजली, आणि निधी संपल्यावर बंद पडली. गेल्या दिवाळीनंतर मला फोन आला. तशीच नवी, मोठी योजना सुरू होत होती. "आपल्याच पायावर उभी आहे, सर. उद्घाटनाला आपला सत्कार करायचाय." त्या अधिकाऱ्याचं बोलणं पुरं व्हायच्या आत मी हो म्हणालो. त्याला वाटलं, म्हातारा शालीला भुलला. मला मात्र त्या व्यासपीठावर उभं राहून सांगायचं होतं की फलकावर लिहिलंय ते खोटं आहे.

संकठा घाट

उतरलो दत्तूभाऊंकडे. त्यांचं घराणं पेशव्यांच्या काळात कोकणातून इथे आलं आणि इथलंच झालं. दत्तूभाऊ पाठशाळेत संस्कृत शिकवून निवृत्त झाले आहेत. संकठा देवीच्या देवळामागे, दोन माणसं समोरासमोर आली तर एकाला भिंतीला चिकटावं लागेल अशा गल्लीत त्यांचं घर आहे.

"या, नाना, या! गाडी खूपच लेट झाली न? आम्ही तर सकाळपासून रस्ता पाहतोय," ते म्हणाले. मराठी कोकणातली, चाल बनारसची. कमलवहिनींनी सत्तूचं थालीपीठ लावलं होतं आणि सोबत मटारचं निमोना. निमोना म्हणजे हिरवे मटार वाटून केलेली दाट आमटी. आपल्याकडे मटार उसळीच्या पुढे जात नाही, इथे थंडीभर त्याचंच राज्य. मी हात आखडला तर वहिनी म्हणाल्या, "भाऊजी, अजून एक घ्या न. ठंडीत इतकं तर पचतंच. वाईला काय उपाशी ठेवतात का तुम्हाला?"

त्यांची कॉलेजात जाणारी नात माझ्या मराठीला हिंदीत उत्तरं देत होती. मराठी येत नाही का, असं विचारल्यावर हसून म्हणाली, "समझ लेती हूँ आजोबा. पढ़ती नहीं हूँ." दत्तूभाऊंनी ऐकलं न ऐकल्यासारखं केलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांच्यासोबत देवीच्या दर्शनाला निघालो, तर पायरीवर एक माकड वरून उतरलं आणि इतक्या सफाईनं माझा चष्मा काढून घेऊन गेलं की मला फक्त नाकावर गार वारा लागला. ते समोरच्या कट्ट्यावर जाऊन बसलं. पळालं नाही, वाट पाहत राहिलं. त्या कट्ट्याखालीच एकाचं दुकान. "बाबूजी, बिस्कुट का पैकेट लीजिए, अभी दे देगा," तो म्हणाला, जणू तिकीट खिडकीवर बसला होता. पुडा वर फेकला. माकडानं तो झेलला आणि चष्मा सोडून दिला. काडी वाकली, काचा वाचल्या.

"पूर्वी हे असे नव्हते," दत्तूभाऊ म्हणाले. "प्रसाद हिसकायचे, बस. मग कोण्या भल्या माणसानं चष्मा परत मिळावा म्हणून बिस्किट दिलं. तेव्हापासून प्रसादाकडे पाहतही नाहीत."

पहिलं बिस्किट देणारा तो भला माणूस मला माझाच नातलग वाटला.

घरी येऊन मलइयो खाल्लं. दुधाचा तो केशरी फेस जिभेवर टेकतो न टेकतो तोच नाहीसा होतो. ते खाता खाता मी नव्या योजनेबद्दल विचारलं. दत्तूभाऊंना सगळं ठाऊक होतं. काशीत बातमी गल्लीगल्लीतून पाण्यासारखी उतरते. कासवांची शिकार सोडणाऱ्या कुटुंबाला नावेसाठी गॅसवर चालणारं इंजिन फुकट मिळणार होतं. मागचा गुन्हा विचारणार नाहीत, असंही वचन होतं.

"आणि ज्यांनी कधी मारलीच नाहीत त्यांना?" मी विचारलं.

"त्यांना कशाला, नाना? ते तर मारतच नाहीत."

राजा घाट

संकठा घाटाहून नाव केली. धुकं इतकं की मणिकर्णिकेच्या चिता आधी उबेनं कळल्या, मग दिसल्या. दशाश्वमेधापाशी परदेशी पाखरांचे थवे उतरले होते आणि नावाडी यात्रेकरूंना शेव विकत होते, पाखरांना टाकायला. सैबेरियातून आलेली पाखरं काशीत शेव खातात. कृष्णेच्या घाटावर आम्ही माशांना कणकेच्या गोळ्या टाकतो, पण त्या घरून नेलेल्या असतात. इथे पुण्यकर्माचंही दुकान पाण्यावर तरंगत येतं.

राजा घाट अमृतराव पेशव्यांनी बांधला. मराठी माणसाला तिथे जरा छाती फुगवायची सवय आहे. मी फुगवली नाही. फलक होता तिथेच होता. कडा गंजलेल्या, खालच्या कोपऱ्यात पानाच्या पिचकाऱ्या, पण अक्षरं शाबूत. ‘कल का शिकारी, आज का रक्षक’. वर लल्लन मल्लाहाचं चित्र, तरणाबांड, हातात भाला आणि पायाशी कासव.

इथे मागचं सांगायला हवं. मी पहिल्यांदा या वस्तीत आलो तेव्हा इथली एक रीत पाहिली होती. जाळ्यात कासव आलं तर मल्लाह त्याला घरी नेत नसत. ते यमुनामैयाचं वाहन. त्याच्या पाठीला शेंदूर लावायचा, तोंडाजवळ गुळाचा खडा धरायचा, "जा मैया के पास" म्हणायचं आणि पाण्यात सोडायचं. आणि त्या दिवशी पुन्हा जाळं टाकायचं नाही. ती सगळ्यांत मोठी गोष्ट होती, कारण दिवसाची मासळी बुडायची. हे सगळं फुकट चालायचं, कुणाच्या बापजाद्यांपासून कोण जाणे.

मी काय पाहिलं? बुडालेली मासळी पाहिली. वाटलं, गरिबानं देवापायी नुकसान का सोसावं? भरपाई द्यावी. विचार वाईट नव्हता, आजही मला तो वाईट वाटत नाही. पण भरपाई मिळाल्यावर त्याच दिवशी पुन्हा जाळं टाकायला कुणाची ना उरली नाही. मोबदल्यासाठी कासव दाखवावं लागे. मोजणारा कारकून दुपारी यायचा, म्हणून पहाटेचं कासव तोवर गोणीत पडून राहायचं. काही गोणीतच मेली. काही संध्याकाळी सोडली आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा मोजली गेली. शेंदूर लावणं बंद झालं. मोजणीच्या खुणेवर तो पसरतो म्हणून कारकुनानंच नको म्हटलं होतं.

हे मला तेव्हाही ठाऊक होतं. पण निधी देणाऱ्यांना बदल दिसायला हवा होता. आधी काय होतं, आमच्या पैशानं काय झालं? आधीही हे लोक कासवं सोडतच होते असं लिहिलं असतं, तर पुढचा हप्ता कशासाठी मागायचा? म्हणून मी लिहिलं की आधी हे लोक शिकारी होते. मग शिकाऱ्याचा चेहरा हवा झाला. लल्लनला उभं केलं आणि कुणाचा तरी भाला आणून हातात दिला. तो खो-खो हसत होता. "रामलीला में रावण भी तो कोई बनता ही है, साहब!" त्याला ते सोंग वाटलं. रामलीला संपली की रावण मुखवटा उतरवून घरी जातो. लल्लनचा मुखवटा आम्ही घाटावर खिळे ठोकून लावून ठेवला.

लल्लन घाटावरच होता, नावेच्या फटीत डांबर भरत. केस पांढरे, पाठ वाकलेली. मला ओळखलं.

"अरे, परफेसर साहब! जिंदा हैं?"

"अजून आहे," मी म्हणालो. "तू कसा आहेस?"

"हम?" त्यानं डांबराच्या काठीनं फलकाकडे खूण केली. "हम तो अमर हैं. देखिए, एक दिन बूढ़े नहीं हुए."

आजूबाजूचे नावाडी हसले. एकानं पलीकडच्या नावेतून हाक घातली, "कछुआमार! मेहमान को चाय तो पिला!" या नावानं त्याला अख्खा घाट ओळखतो. लहानपणी त्याचा मुलगा गोपाल शाळेत ‘कछुआमार का लौंडा’ होता. यात्रेकरू फलक वाचायचे, मग चेहरा पाहायचे आणि शेजारच्या नावेत बसायचे. शहरात कुठेही कासवांच्या गोण्या पकडल्या की पोलीस आधी याच्या दारात. हे सगळं त्यानं चहा येईपर्यंत हसत हसत सांगितलं. मला चहा कडू लागला. त्यात साखर भरपूर होती.

मी म्हणालो, "लल्लन, मी त्यासाठीच आलोय. उद्या सगळ्यांसमोर सांगणार आहे की तू कधी शिकारी नव्हतास."

त्याचं हसणं थांबलं. काठी डब्यात ठेवून तो म्हणाला, "घर चलिए."

पण वाटेतच त्याचा चुलतभाऊ बिरजू आडवा आला. अंगानं दांडगा, जिभेनं त्याहून. "साहब, आपने इनका फोटो लगवाया, इनको इंजन मिल रहा है. हमारा भी एक लगवा दीजिए. हम भी मारते थे."

"तूने कब मारा बे?" लल्लन खेकसला. "अभी पिछले महीने तक सिंदूर लगा के छोड़ रहा था!"

"इसी का तो दंड मिला है!" बिरजू ओरडला. "सारी बस्ती शिकारी हो गई, एक हम ही चूतिया रह गए!" मग माझ्याकडे वळून, एकदम साध्या आवाजात : "नहीं मारा, साहब. पर मारने में देर ही कितनी लगती है?"

त्याला माझ्याकडून फक्त ‘हो’ किंवा ‘नाही’ हवं होतं आणि मी वाकलेली चष्म्याची काडी सरळ करत उभा राहिलो.

लल्लनच्या घरी त्याची बायको दारातच बसून वांगी चिरत होती. तिनं नमस्कार केला नाही. लल्लननं मला खाटेवर बसवलं.

"साहब, कल कुछ मत बोलिएगा."

मला वाटलं, त्याला भीती वाटतेय. मी समजावू लागलो. तो मध्येच म्हणाला, "बीस बरस गाली खाई है इस बोर्ड की. पहली बार रोटी दे रहा है. गोपाल की नाव में इंजन लगेगा. हाथ से खेने वाली नाव में अब कौन बैठता है? आप कह देंगे कि लल्लन शिकारी नहीं था, तो लिस्ट से नाम कट जाएगा. आप तो ट्रेन पकड़ लेंगे."

"पण ते खोटं आहे, लल्लन."

बायकोची विळी थांबली. लल्लननं तिच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "अब कहाँ झूठ है?"

मग त्यानं सांगितलं. आमचे पैसे बंद झाले त्यानंतरच्या हिवाळ्यात त्याच्या जाळ्यात एक मोठं कासव आलं. त्यानं बायकोकडे शेंदूर मागितला. ती म्हणाली, कशाचा शेंदूर? आता पैसे कोण देतंय? कासव अंगणात राहिलं. त्याच आठवड्यात बाहेरचा एक व्यापारी वस्तीत फिरत होता. त्यानं भाव सांगितला. लल्लननं दिलं.

"उस दिन भी जाल दोबारा नहीं डाला," तो म्हणाला. "आदत थी." मग जरा हसून : "फिर आदत भी छूट गई. आपका बोर्ड झूठा था साहब, हमने सच कर दिया. आपकी बात रख ली."

बायको पुन्हा वांगी चिरू लागली.

निघताना त्यानं माझा हात धरून पायऱ्या चढवल्या. वर आल्यावर म्हणाला, "लिखना ही है तो बाद में लिख लीजिएगा, इंजन लग जाए तब. मराठी में लिखिए न. यहाँ कौन पढ़ता है?"

दशाश्वमेध घाट

मांडव मोठा होता. झेंडूच्या माळा, खुर्च्यांना पांढरे अभ्रे, पलीकडे संध्याकाळच्या आरतीच्या चौरंगांची मांडामांड. समोर पहिल्या रांगेत ‘शिकार सोडलेली’ कुटुंबं बसवली होती. त्यांत मला वीस वर्षांपूर्वी शेंदूर लावताना पाहिलेले चेहरे दिसले. लल्लननं धुतलेला सदरा घातला होता. बिरजू रांगेत नव्हता, मागे दोरीला रेलून उभा होता.

माझा परिचय करून देण्यात आला. शिकाऱ्यांना रक्षक बनवणारा माणूस, असं म्हणाले. शाल आली, श्रीफळ आलं, पितळेचं कासव आलं. आपल्याकडे देवळात शिरताना आधी दगडी कासवाला हात लावतात आणि मगच देवाकडे पाहतात. ते पितळी कासव दोन्ही हातांनी घेताना मला ते आठवलं आणि हात मागे घ्यावेसे वाटले. घेतले नाहीत. फोटो निघत होता.

दोन शब्द बोलायला सांगितलं. वाईपासून घोकत आणलेली वाक्यं जिभेवर होती. लल्लन माझ्याकडे पाहत होता. विनवणी नव्हती त्या नजरेत, नावाडी सवारीकडे पाहतो तसं पाहत होता, उतरणार कुठे म्हणून. मी म्हणालो की नदी ही आपली सर्वांची आई आहे, तिच्या लेकरांना जपू या. टाळ्या पडल्या. तेवढंच.

लल्लनसाठी गप्प बसलो, असं मी परतीच्या गाडीत स्वतःला पुष्कळदा सांगितलं. त्यात थोडं खरंही आहे. पण त्यानं नको म्हटलं तेव्हा मला आधी काय वाटलं, तेही लिहायला हवं. मला सुटल्यासारखं वाटलं.

वाई

हे सगळं आता लिहितो आहे, कारण गोपालच्या नावेत इंजिन बसलं. दत्तूभाऊंनी फोनवर कळवलं. लल्लनचं सांगणं मी तेवढं पाळलं. माणसांची नावं बदलली आहेत, घाटांची नाहीत.

त्याच फोनवर त्यांनी बिरजूचंही सांगितलं. दुसरी यादी निघाली. यावेळी कचेरीनं ताकीद दिली होती की नुसतं तोंडी सांगणं चालणार नाही, लोक खोटे शिकारी बनताहेत, शिकार केल्याचा काहीतरी पुरावा आणा. बिरजू एका कासवाची पाठ घेऊन गेला. जुनी आहे, घरात पडून होती, म्हणाला.

"मग?" मी विचारलं.

"नाव लागलं त्याचं, नाना. पण घाटावरचे लोक सांगतात, ती पाठ अजून ओलीच होती."

त्यांनी वहिनींचा नमस्कार सांगितला, थंडी उतरली म्हणाले आणि फोन ठेवला.

राजा घाटावर नवा फलक लागला आहे असं ऐकतो. चित्र नवं, शब्द तेच, खाली माझं नाव. कुणी मराठी माणूस तिकडे गेला तर त्यानं तो उलटा वाचावा. तिथे रक्षक आधी होते, मग फलक लागला, आणि शिकारी त्यानंतर झाले. बिरजू सगळ्यांत शेवटी झाला. त्यानं मला आधी विचारलं होतं आणि मी चष्म्याची काडी सरळ करत होतो.